एका रात्रीचा पूर आणि चाळीस बारीक रेघा

प्रकरण असं आहे. दोन गावं आणि मधून नदी. हद्द पात्राच्या मध्यावरून. पावसाळ्यातल्या एका रात्री नदी आपलं पात्र सोडते आणि अर्धा मैल डावीकडे नवी वाट काढते. उजाडतं तेव्हा डाव्या गावातल्या चाळीस घरांची शेतं नदीपलीकडे, उजव्या गावाला लागून पडलेली असतात. शेतं शाबूत, बांध शाबूत, फक्त नदी चुकीच्या बाजूला. त्या रात्रीत अकरा माणसं वाहून जातात.

महिनाभरानं त्या भागाच्या नकाशाची शीट मोजणी खात्यातल्या एका नकाशाकाराच्या टेबलावर येते. काम साधं आहे, नवं पात्र काढायचं. पण या माणसाच्या हाताला एक विलक्षण खोड आहे. एखादा बदल तो ज्या गतीनं झाल्यासारखा काढतो, त्याच गतीनं तो झालेला असतो. यापुढे तसा होईल असं नव्हे. आधीपासूनच तसा झालेला असतो आणि सगळ्यांना तसाच आठवतो. वेगळं आठवतं ते फक्त त्याला.

हा माणूस मी रचलेला आहे. तीन वर्षं आणि पाच खर्डे झाले, आणि आत्ता कुठे तो उभा राहिलाय. चार वेळा का पडला आणि पाचव्यांदा कशानं सावरला, ते इथे सविस्तर लिहितोय. काळाशी खेळणारं पात्र लिहायला घेणाऱ्या प्रत्येकाला याच खड्ड्यांतून जावं लागतं, असं मला वाटतं.

पहिल्या खर्ड्यात त्याच्याकडे खिशातलं घड्याळ होतं. (हसा.) जादूची शाईही होती. तो पूर थांबवायचा, अकराच्या अकरा माणसं वाचवायचा आणि शेवटी उदास चेहऱ्यानं खिडकीबाहेर बघायचा. तो उदास का आहे हे मलाही ठाऊक नव्हतं. एका मित्रानं वाचून एकच प्रश्न विचारला, "हा नकाशाकारच का? घड्याळजी का नाही?"

मला उत्तर देता आलं नाही. मी 'नकाशाकार' हा शब्द निव्वळ सुंदर वाटतो म्हणून वापरला होता. जुना कागद, पितळी उपकरणं, कोपऱ्यात समुद्री राक्षस, एवढंच माझं भांडवल होतं. त्याच्या धंद्यातून त्याची शक्ती निघत नव्हती. ती बाहेरून चिकटवलेली होती, आणि वाचकाला ते डिंकाच्या वासानंच कळत होतं.

म्हणून मग नकाशा आणि काळ यांची गाठ खरोखर कुठे पडते ते शोधत निघालो. सगळ्यात आधी हाताला लागतात रेखांश. पृथ्वी चोवीस तासांत ३६० अंश फिरते, म्हणजे तासाला पंधरा अंश, एका अंशाला चार मिनिटं. उभी रेघ ओढली की घड्याळ ओढलं. मॅगेलनच्या मोहिमेतलं उरलेलं एकमेव जहाज १५२२मध्ये पृथ्वीला वळसा घालून केप व्हर्दे बेटांवर पोचलं, तेव्हा जहाजाच्या रोजनिशीत बुधवार होता आणि किनाऱ्यावर गुरुवार. रोजनिशी चोख होती. पश्चिमेकडे जात जात त्यांनी एक अख्खा दिवस वाटेत थोडा थोडा सांडला होता. पॅसिफिकमधल्या सामोआनं तर हे ठरवून केलं. १८९२मध्ये वाररेषेच्या, म्हणजे जी ओलांडली की तारीख बदलते त्या रेषेच्या, एका बाजूला जाताना त्यांनी ४ जुलै दोनदा साजरा केला, आणि २०११मध्ये परत दुसऱ्या बाजूला येताना ३० डिसेंबर हा शुक्रवार कॅलेंडरातून गाळला. गुरुवारी रात्री झोपलेली माणसं शनिवारी उठली.

दुसरा खर्डा मी यावर बेतला. नकाशाकार वाररेषा सरकवतो आणि लोकांचे दिवस चोरतो. वाचायला मजेदार, पण पोकळ. कारण सामोआतल्या त्या माणसांचं वय एका दिवसानं कमी-जास्त झालं नाही, भाकरी तेवढीच शिळी झाली. बदललं ते नाव. नावं बदलणारा माणूस कारकून असतो, आणि मला कारकुनाची गोष्ट लिहायची नव्हती. निदान अशी तरी नाही.

खरी गाठ सापडली ती भलत्याच ठिकाणी, जमिनीच्या कायद्यात.

नदी ही हद्द असेल आणि नदी सरकली, तर हद्दीचं काय? याचं उत्तर फार जुनं आहे. सम्राट जस्टिनियनच्या ५३३ सालच्या विधिसंहितेत ते लिहिलेलं आहे आणि आजही देशादेशांतले तंटे मूळ त्याच धाग्यानं सोडवले जातात. नदी हळूहळू, डोळ्यांना जाणवणार नाही अशी सरकली, एका काठाचा कण कण खाऊन दुसऱ्या काठाला मळई चढवत गेली, तर हद्द नदीबरोबर सरकते. ज्याच्या काठाला मळई चढली, त्याची ती जमीन. पण नदीनं एकदम उडी मारली, पात्र सोडून दुसरीकडे गेली, तर हद्द जुन्या, कोरड्या पात्रातच राहते. म्हणजे पाणी तेच, जमीन तीच, नदी शेवटी पोचली ती जागाही तीच. मालक कोण हे ठरतं फक्त एका गोष्टीवरून: हे किती वेळात घडलं?

हे वाचलं आणि मी खुर्चीतून उठून घरभर फिरलो. वेळ लांबवणं किंवा आखडणं ही इथे कल्पना नव्हती, तो निकालाचा मुद्दा होता. आणि तो मुद्दा सिद्ध कुणाच्या कागदावरून होणार? नकाशाकाराच्या.

याचं सगळ्यात बोलकं उदाहरण अमेरिका आणि मेक्सिको यांच्यातलं चामिसाल प्रकरण. १८४८च्या तहानं रिओ ग्रांदे नदी दोन्ही देशांची हद्द ठरली आणि १८५२मध्ये पात्राची मोजणी झाली. पुढे नदी दक्षिणेकडे सरकत राहिली, आणि १८६४च्या पुरात तर ती भसकन सरकली. एल पासो आणि हुआरेस या समोरासमोरच्या शहरांमधला सुमारे सहाशे एकरांचा तुकडा मेक्सिकोच्या काठावरून अमेरिकेच्या काठावर आला. १९११मध्ये लवादानं तो तुकडा वेळेनं कापला: १८६४च्या पुरापर्यंत जी जमीन हळूहळू सरकली ती अमेरिकेची, पुरानं जी तुटली ती मेक्सिकोची. निवाडा तर्काला धरून होता. अमेरिकेनं तो मानला नाही, आणि त्यातली एक हरकत ऐकण्यासारखी होती. १८६४मध्ये पात्र नेमकं कुठून वाहत होतं हे आता जमिनीवर दाखवणार कसं? त्या वर्षी तिथे मोजणीची साखळी घेऊन कुणी उभं नव्हतं. एक नकाशा नसल्यामुळे भांडण आणखी अर्धं शतक चाललं. १९६३च्या तहानं ते मिटलं, नदी काँक्रीटच्या पाटात बसवली गेली आणि पाच हजारांहून जास्त माणसांना राहती घरं सोडावी लागली.

माझा नकाशाकार कोण आहे हे मला त्या दिवशी कळलं. १८६४मध्ये जो तिथे नव्हता, तो हा. घड्याळाशी त्याचं काही देणंघेणं नाही. त्याच्या ताब्यात आहे तो वेग.

वेग कागदावर काढायचा कसा, हाही प्रश्न होताच. नकाशा तर स्थिर असतो. उत्तर हॅरोल्ड फिस्क या भूवैज्ञानिकानं १९४४मध्ये काढलेल्या मिसिसिपीच्या नकाशांत मिळालं. त्यानं नदीची आजची वाटच नव्हे, तर जुन्या सगळ्या वाटा एकावर एक, वेगवेगळ्या रंगांत काढल्या. बघताना एखाद्या प्राण्याची आतडी बाहेर काढून टेबलावर मांडल्यासारखं वाटतं. दोन पट्टे दूर दूर असतील तर उडी, चिकटून चिकटून असतील तर सरकणं. बस. माझ्या माणसाला जुन्या आणि नव्या पात्राच्या मधल्या कोऱ्या जागेत काय काढायचं एवढंच ठरवायचं आहे. काहीच काढलं नाही, तर एका रात्रीचा पूर. चाळीस बारीक रेघा काढल्या, वर्षाला एक, तर चाळीस वर्षांची मळई.

इथे एक कबुली. तिसऱ्या खर्ड्यात मी नदीला नागमोडी वळण दिलं होतं आणि पुरात ती वळणाची मान तोडून सरळ जाते असं लिहिलं होतं. त्या तुटलेल्या वळणाचा कुंडलकासार होतो, चंद्रकोरीसारखं तळं. मला ते चित्र फार आवडलं होतं. पण वळणावर नदी बाहेरचा काठ खाते आणि आतल्या काठाला गाळ टाकते. मान तोडण्याची ती घटना चाळीस वर्षांत हळूहळू पसरवायची म्हटलं तर नदीला चाळीस वर्षं आतला काठ खावा लागला असता, म्हणजे उलटं वागावं लागलं असतं. नद्यांबद्दल शाळेत शिकलेला कुणीही पोरगा मला तिथेच पकडता. तळं गेलं. आता नदीला लांबलचक, सौम्य बाक आहे, डावं गाव बाहेरच्या काठावर आहे, आणि ती तो काठ खाते हे तिच्या स्वभावाला धरून आहे. चंद्रकोरीचा परिच्छेद अजून एका वहीत पडून आहे. तो काही मी कुठे वापरणार नाही.

पण शक्ती मिळाली म्हणजे गोष्ट मिळाली असं नव्हे. त्याला अडवणार काय? पहिल्या खर्ड्याचा आजार अजून गेला नव्हता: करता येतं, तर सगळंच का करू नये?

उत्तर पुन्हा धंद्यातच होतं. गोल पृथ्वी सपाट कागदावर विकृतीशिवाय उतरत नाही. हा नकाशाकारांचा आळस नव्हे. गणितज्ञ गाऊसनं १८२७मध्ये ते गणितानं सिद्ध केलं. कुठलंही प्रक्षेपण, म्हणजे पृथ्वी कागदावर उतरवण्याची रीत, घ्या, काहीतरी जपता येतं आणि काहीतरी सोडावं लागतं. मर्केटरनं १५६९मध्ये खलाशांसाठी कोन जपले आणि क्षेत्रफळ सोडलं, म्हणून त्याच्या नकाशावर ग्रीनलंड आफ्रिकेएवढं दिसतं. प्रत्यक्षात आफ्रिका चौदापट मोठी आहे. क्षेत्रफळ जपणारी प्रक्षेपणंही आहेत, पण त्यांत देशांचे आकार पिळवटतात. दोन्ही एकदम कुणालाच मिळत नाही.

तर माझ्या माणसाच्या शक्तीलाही हेच लागू. तो काळ ताणू शकतो, पण ताणताना काहीतरी एक जपलं जाणार आणि बाकीचं पिळवटणार. काय जपलं जाणार?

आकडा. मेलेल्यांचा आकडा.

हे सुचवलं शार्ल मिनार या फ्रेंच अभियंत्याच्या १८६९च्या तक्त्यानं. नेपोलियनच्या रशियावरच्या स्वारीचा तो तक्ता. नकाशावरून जाणारा एक पट्टा, आणि पट्ट्याची जाडी म्हणजे जिवंत सैनिक. निघताना ४,२२,००० आणि परत येताना १०,०००. तो कितीदा तरी पाहिला होता, पण या वेळी दिसलं ते हे की पट्टा कुठेही कडाडून तुटत नाही. तो बारीक होत जातो. एवढी माणसं कुठल्या एका रणांगणावर पडली नाहीत. ती अंतरात आणि महिन्यांत वाटली गेली. बोट ठेवून 'इथे' म्हणावं अशी जागाच नाही.

अकरा माणसं एका रात्रीत मेली तर तो पूर. त्याची तारीख असते, दगडावर नावं कोरली जातात, नुकसानीची पाहणी होते, वर्षश्राद्धाला दोन्ही गावं नदीवर येतात. तीच अकरा माणसं चाळीस वर्षांत मेली तर? कधी ढासळत्या काठाबरोबर एखादा गुराखी, कधी विहीर नदीत गेली त्या पावसाळ्यात पाण्याला गेलेली एखादी बाई. चार वर्षांनी एखादा. त्याला पूर म्हणत नाहीत. त्याला काहीच म्हणत नाहीत.

(मधे मी आणखी एक नियम घातला होता. नकाशा जसा कडेला जास्त ताणला जातो, तसा काळही शीटच्या कडेच्या वाड्यांवर ताणला जातो, असा. कल्पना वाईट नव्हती. पण दोन नियम झाले की वाचक गोष्ट सोडून हिशेब तपासायला लागतो. काढून टाकला.)

आता त्याचं आयुष्य, जेवढं लागतं तेवढंच. तो नदीच्या डाव्या काठावर वाढला. नऊ वर्षांचा असताना मोजणीची तुकडी पलीकडच्या टेकडीवर तळ ठोकून होती. गावच्या नावाड्यानं, तेव्हा तो अठ्ठावीसचा होता, या पोराला नावेतून पलीकडे नेलं आणि साहेबाला सांगितलं, "पोरगा हलत नाही, काठी धरायला ठेवा." मोजणीत खुणेची काठी धरणाऱ्याचं काम म्हणजे न हलणं. दुर्बिणीतून कुणीतरी दुरून तुझ्याकडे बघतोय, तुला तो दिसत नाही, आणि तू हललास तर टेकडी नकाशावर हलते. उन्हात तासन् तास असं उभं राहून त्याला एक गोष्ट कळली: तो स्थिर असतो तोवर बाकीचे त्याच्यावरून आपली जागा ठरवतात. ढग, गुरं, नदी, सगळं वाहतंय आणि खूण तेवढी उभी. मला हा परिच्छेद लिहायला सगळ्यात कमी वेळ लागला आणि त्यात नंतर एक शब्दही बदलावा लागला नाही. असं क्वचित होतं.

पुढे तो साखळी ओढायला लागला, छासष्ट फुटांची, शंभर कड्यांची. मग कागदावर आला. बत्तीस वर्षं तो इतरांच्या मोजणीवह्यांवरून शाई फिरवतोय. नकाशाच्या तळाशी सही वरच्या साहेबाची असते, म्हणूनच मी त्याचं नाव काढून टाकलं. खोड त्याला कळली ती एका दरडीमुळे. पडलेली दरड त्यानं चुकून जुना उतार म्हणून काढली, आणि पुढच्या दौऱ्यात तिथे कवेत मावणार नाहीत एवढ्या बुंध्यांची झाडं उभी होती. त्यानंतर तो फार जपून काम करायला लागला. कुणाला वाटलं वय झालं.

आणि मग ही शीट. वरून सूचना आली, तोंडी. "नदी सरकत गेलेली दिसली तर बरं." उजव्या गावात कुणाचे तरी लागेबांधे होते. हे एवढंच असतं तर त्यानं नकार दिला असता, किंवा दुसऱ्या कुणाकडून खोटा नकाशा निघाला असता आणि खोटा नकाशा फक्त खोटा राहिला असता. पण त्याच्यासमोर अकरा नावांची यादी होती, आणि तिच्यात शेवटचं नाव सहा वर्षांच्या मुलीचं होतं.

त्याला नियम नीट माहीत नव्हता. एका दरडीवरून माणूस किती शिकणार? त्याला वाटलं, पूरच नसेल तर बुडणंही नसेल. जमीन जाईल, पण माणसं राहतील. हा सौदा त्याला परवडणारा वाटला. मलाही, खरं सांगायचं तर, चौथ्या खर्ड्यापर्यंत असंच वाटत होतं.

त्यानं दोन रात्री घालवल्या. आधी चाळीस वर्षांपूर्वीची मूळ शीट नव्यानं काढावी लागली, कारण जुन्या शीटवर रेघा घालायच्या तर तिच्यावर जागा हवी होती. वर जुनं साल घातलं, कोपऱ्यात उत्तरेचा बाण काढला. मग बारीक टाकानं रेघा. पहिली जुन्या पात्राच्या काठाला चिकटून, दुसरी तिच्यापासून केसभर दूर. लोहयुक्त शाई ओली असताना फिकट राखाडी दिसते आणि हवा लागून हळूहळू काळी पडते, त्यामुळे तो तिसाव्या रेघेवर पोचला तेव्हा पहिल्या रेघा गडद व्हायला लागल्या होत्या, आणि आत्ताच्या रेघा आहेत की नाहीत अशा. चाळिसावी रेघ नव्या पात्राला टेकली. बाहेर काही वीजबीज चमकली नाही. त्यानं टाक पुसला आणि झोपला.

सकाळी यादी कोरी होती. सहा वर्षांची मुलगी अंगणात होती. बाकीची दहाही आपापल्या कामाला लागली होती. कुणी पुराचं नावही काढत नव्हतं. डाव्या गावची चाळीस घरं कधीच विखुरली होती. त्यांची शेतं वर्षाला पाच-पन्नास हात अशी नदीच्या पोटात गेली होती आणि पलीकडे उजव्या गावानं त्याच गाळावर पिकं घेतली होती. तो नदीवर गेला. धक्क्यावर नाव नव्हती.

नावाडी त्या अकरांत नव्हताच. पुराच्या रात्री सत्तरीचा म्हातारा वरच्या आळीत लेकीकडे झोपला होता, त्याच्या केसाला धक्का लागला नव्हता. गेल्याच महिन्यात तो धक्क्यावर बसून दोराला पीळ देत होता आणि नकाशाकाराला म्हणाला होता, "तुझ्या कागदावर माझी नाव का रे नाही कधी?" आता चौकशी केल्यावर लोक आठवायला लागले. कोण, तो नावाडी? तो तर तरुणपणीच गेला. काठ खचायला लागला त्याच्या तिसऱ्या वर्षी. दरडीखाली सापडला. तेहतिशीचा असेल.

आकडा जपला गेला होता, चेहरे नाही. चाळीस वर्षं मागे पसरवलेल्या पुरानं आपली अकरा माणसं चाळीस वर्षांतून उचलली. जी मुलगी तेव्हा जन्मलीच नव्हती ती सुटली, आणि जे तेव्हा काठावर होते ते सापडले. नावाड्याची सदतीस वर्षं गेली. ती फक्त एकाच माणसाला आठवतात.

चौथ्या खर्ड्यात मी इथे थांबलो होतो, आणि मित्राचं म्हणणं पडलं की हे क्रूर आहे पण अजून प्रकरण नाही. प्रकरणाला दुसरी बाजू लागते, कुणीतरी विचारणारं लागतं. ते बरोबर होतं.

विचारणारी सापडली ती बाणामुळे. होकायंत्र खऱ्या उत्तरेला रोखत नाही, चुंबकीय उत्तरेला रोखतं. दोन्हींमधला कोन, म्हणजे दिक्पात, ठिकाणागणिक वेगळा असतो आणि शिवाय वर्षागणिक बदलतो. लंडनमध्ये १५८०मध्ये सुई खऱ्या उत्तरेच्या पूर्वेला सुमारे अकरा अंश होती आणि १८२०च्या सुमाराला पश्चिमेला चोवीस. सरासरी काढली तर चाळीस वर्षांत जवळपास सहा अंश. म्हणून चांगल्या नकाशाच्या समासात बाणाबरोबर त्या सालचा कोन आणि वार्षिक फरक छापतात. त्या बाणावरून नकाशाचं वय काढता येतं, आणि खोटं वयही पकडता येतं.

खोट्या वयाला लहान गोष्टीच पकडतात. विनलंड नकाशा घ्या. कोलंबसच्या आधी उत्तर अमेरिकेचा किनारा दाखवणारा म्हणून तो १९६५मध्ये येल विद्यापीठानं गाजावाजा करून जगापुढे आणला, आणि २०२१मध्ये त्याच विद्यापीठानं तो बनावट असल्याचं जाहीर केलं. चर्मपत्र खरंच जुनं होतं. फसली ती शाई. तिच्यात टायटॅनियमचं असं संयुग होतं जे विसाव्या शतकात वापरात आलं.

तर खात्यात नव्यानं लागलेली एक मोजणीदार या शीटची तपासणी करते. तिला पूर आठवत नाही, कारण तो झालेलाच नाही. ती रीतीप्रमाणे त्याच सालची शेजारची शीट काढते, दोन्हींच्या कडा जुळवते. बांध जुळतात, ओढे जुळतात, पायवाट एका शीटवरून दुसऱ्या शीटवर बरोबर उतरते. बाण जुळत नाहीत. पाच अंशांचा फरक. जुन्या शीटवर जुना कोन आहे आणि याच्या शीटवर आजचा.

बत्तीस वर्षं बाण काढणारा माणूस असा चुकतो का? चुकूही शकतो. दोन रात्रींचं जागरण, डोक्यात यादी. मी मात्र तो मुद्दाम काढला असं धरून चाललोय. बाण काढताना त्याला नावाड्याचं काही ठाऊक नव्हतं, तरीही. अख्खं गाव ज्याच्यावर विश्वास ठेवून आपला भूतकाळ विसरणार आहे, त्या कागदावर त्यानं एक जागा उसवलेली ठेवली. कथेत मी हे कुठेही सांगितलेलं नाही. मित्राचं मत अजूनही 'ती चूकच होती' या बाजूनं आहे.

ती त्याच्या टेबलापाशी येते. दोन्ही शीट पसरते. "सर, यातला बरोबर कुठला?"

तो शेजारच्या शीटवर बोट ठेवतो.

तिला काय करायचं ते तिच्या दृष्टीनं सरळ आहे. समासातली बारीक दुरुस्ती. चुकीचा बाण पात्यानं खरवडायचा, कागद गुळगुळीत घासायचा, बरोबर कोनात नवा काढायचा, पाच मिनिटांचं काम. त्यानंतर त्या शीटवर पुराचा एकही पुरावा उरणार नाही. आणि तिनं तसं न करता वर कळवलं, शीट रद्द झाली, जुन्या आणि नव्या पात्राच्या मधली जागा पुन्हा कोरी झाली, तर नावाडी धक्क्यावर येईल आणि सहा वर्षांची मुलगी यादीत. यातलं तिला काहीच माहीत नाही. त्याला सगळं माहीत आहे, आणि तो काठी धरलेल्या पोरासारखा उभा आहे.

ती पातं हातात घेते, खिडकीच्या उजेडाकडे शीट तिरकी धरते, कुठून खरवडायला सुरुवात करावी ते बघायला. बाणाच्या टोकाशी, जिथे टाक दोनदा फिरलाय आणि शाई जाड बसलीय, तिथे ती थांबते. चाळीस वर्षांपूर्वीच्या शीटवरची शाई तिथे अजून राखाडी आहे.